सामाईक विहिरीची चावी

चैत्रातल्या एका सोमवारी सकाळी पोलीस ठाण्यात आम्ही तिघं होतो. ठाणे अंमलदार म्हणून मी, नेकनूरकडच्या सुमनबाई आणि त्यांचे थोरले दीर महादेव. वाद मोसंबीच्या तीनशे झाडांचा. दीडशे सुमनबाईंची, दीडशे महादेवची. पाणी एकाच विहिरीचं.

सातबाऱ्यावर विहीर निम्मी-निम्मी. तीन दिवस एकाची पाळी, तीन दिवस दुसऱ्याची. सुमनबाईंचा नवरा वारला आणि त्याच वर्षीच्या दुष्काळात महादेवने मोटारीच्या स्टार्टरपेटीला कुलूप घातलं.

“कुलूप तोडून द्या,” सुमनबाई म्हणाल्या.

“ते आम्हाला करता येत नाही, ताई. मालमत्तेचा वाद दिवाणी कोर्टाचा. आम्ही नोंद घेऊ, यांना समज देऊ.”

“समज देऊन झाड जगतं व्हय?”

महादेव म्हणाला, “मोटार माजी, मीटर माजं, सोसायटीचं कर्ज माज्या नावावर. निम्मं पानी तिचं हाय ना? बादलीनं शेंद म्हना. कोन न्हाई म्हनतंय?”

विहीर साठ फूट खोल होती.

सुमनबाईंनी दावा लावला. कोर्टात तारखा पडू लागल्या. मग विहिरीवर बाचाबाची झाली आणि महादेवने चार लोकांसमोर त्यांच्यावर कुऱ्हाड उगारली. आता ते आमचं काम झालं. गुन्हा घडू नये म्हणून आधीच अटक करता येते. तशी केली. तहसीलदारांनी शांतता राखण्यासाठी जामीनदार मागितला.

“मी काय चोर हाय?” महादेव म्हणाला. त्याने जामीनदार दिला नाही. जेलमध्ये गेला.

अंगझडतीत तंबाखूची पिशवी, थोडी चिल्लर आणि स्टार्टरपेटीची चावी निघाली. सगळं पाकिटात सील करून ठाण्याच्या कपाटात ठेवलं.

दुसऱ्याच दिवशी सुमनबाई आल्या. “चावी तुमच्या कपाटात हाय ना, भाऊ? एक पाळी द्या. माज्या हातानं परत आनून देते.”

मी ठाण्याच्या मोठ्या साहेबांना विचारलं. साहेब शेतकऱ्याघरचेच. तरी म्हणाले,

“ज्याच्या अंगावरून घेतली त्यालाच द्यायची. तिला दिली तर विहिरीचा निकाल आपणच लावला असं होईल.”

मी कागद घेऊन जेलमध्ये गेलो. “सही करा, चावी तुमच्या बायकोला देतो. तुमचीही झाडं वाळतायत.”

“बायको तिला दील. लई मऊ हाय ती. ऱ्हाऊ द्या तुमच्यापाशीच.”

महिनाभर तो हट्टाने बसला. विहिरीत पाणी होतं. सुमनबाई रोज येऊन बाकावर बसायच्या. नंतर यायच्या बंद झाल्या.

शेवटी त्याने जामीनदार दिला. मी सील फोडून चावी त्याच्या हातात ठेवली, सही घेतली. तोवर दोघांच्याही बागा गेल्या होत्या.

हल्ली असा वाद घेऊन कोणी आलं की मी बसायला सांगायच्या आधीच सांगतो, भांडण थांबवणं आमच्याकडे, मोटार चालू करणं नाही. ऐकणाऱ्याला ते पटत नाही.

त्या वर्षी लाकडाच्या वखारवाल्याने वाळलेली तीनशे झाडं तोडून नेली. वजन वेगवेगळं केलं. सुमनबाईंचे पैसे सुमनबाईंना दिले, महादेवचे महादेवला. त्या हिशेबावर दोघांचाही वाद नव्हता.