थांबा नाना

बिघडलेली गाडी दारात आली की बाकीचे मिस्त्री पान्याला हात घालतात. नाना दोन्ही हात पाठीमागे बांधायचे. तसेच गाडीभोवती एक चक्कर मारायचे आणि गिऱ्हाइकाने बॉनेट उघडायला हात पुढे केला की म्हणायचे, "थांबा." अक्कलकोट रोडवरच्या त्यांच्या पत्र्याच्या शेडमध्ये येणाऱ्या प्रत्येकाने हा शब्द इतक्या वेळा ऐकलेला, की त्यांचं नावच 'थांबा नाना' पडलं होतं. तोंडावर नाना, माघारी थांबा नाना. त्यांना ते ठाऊक होतं आणि त्यांची काही तक्रार नव्हती.

नाना गाड्यांची वायरिंग आणि एसी बघायचे. इंजिनाच्या वाटेला जायचे नाहीत. मूळचे सांगोल्याचे, वडिलांची मेंढरं होती, दोन दुष्काळांत ती गेली आणि नाना सोलापुरात आले ते इथलेच झाले. मी त्यांच्याकडे गेले तेव्हा ते साठीच्या आसपास होते. अंगाने सडपातळ, चष्मा दोरीने गळ्यात अडकवलेला आणि शर्टाच्या खिशात कायम एक छोटा दिवा, त्याला दोन वायरी. त्या दिव्याने ते वीज कुठपर्यंत येते आणि कुठे अडते ते शोधायचे.

आता माझं सांगते. मी जात्याच घाईची. कॉलेजच्या ग्रंथालयात नोकरी केली, पण ग्रंथपालाला शोभणारी शांतता काही अंगात आली नाही. मी चहा उकळायच्या आत गाळते, असं घरचे म्हणतात आणि ते खरं आहे. अशा बाईची गाठ अशा माणसाशी पडावी हा गाडीच्याच मनातला डाव असावा.

पहिल्यांदा गेले तेव्हा माझ्या जुन्या, छोट्या गाडीच्या एसीचा पंखा फक्त चार नंबरवर फिरत होता. एक, दोन, तीनवर ढिम्म. चारवर मात्र वादळ सुटल्यासारखा. दुसऱ्या एका दुकानात मला नवी मोटर घालायला सांगितलं होतं. नानांनी गाडीला हात न लावता विचारलं, "पहिल्यापासून सांगा. आदी कुठला नंबर बंद पडला?" मला आठवेना. ते थांबून राहिले. मी आठवलं. मग म्हणाले, "चारवर फिरतोय म्हंजी मोटर जित्ती हाय की. तिला कशाला मारता? हळू फिरवायचं काम रेझिस्टर करतोय, त्यो गेलाय." तळहाताएवढासुद्धा नसलेला तो भाग त्यांनी बदलला आणि काम झालं. जाताना मी विचारलं, हा पंखा हीटरलाही चालतो का? ते पहिल्यांदाच हसले. "पंखा एकच, ताई. गार का गरम ते मागचं ठरवतंय. पण सोलापुरात हीटर कशाला? काच उगडा."

त्यांची विचारायची पद्धत डॉक्टरपेक्षा आमच्या गावाकडच्या जाणत्या बायकांसारखी होती. एकदा माझ्यादेखत एक गृहस्थ आले. पंखा खरखरतो, गाडी हादरते, मोटर गेली असणार. नाना हात मागे बांधून म्हणाले, "गाडी लावता कुटं?" ते चिडले, त्याचा इथे काय संबंध? "सांगा की." दारात, कडुनिंबाखाली. "आन् फाल्गुनात सुरू झालं का हे?" झालं होतं. नानांनी डॅशबोर्डचा डावीकडचा कप्पा काढला, आत हात घातला आणि कडुनिंबाच्या वाळक्या काड्यांचा मूठभर पुंजका त्या गृहस्थांच्या हातावर ठेवला. त्यांची मोटर पुढे पुष्कळ वर्षं चालली म्हणे.

"खोलणं सोपं हाय," ते म्हणायचे. "पर खोललं की आपण चार गोष्टी बिगडवतो, मग मूळची बिगडलेली कुठली ती घावत न्हाय."

दुरुस्ती झाली म्हणजे सुटका झाली, असंही नव्हतं. मग त्यांचा खरा छळ सुरू व्हायचा. गिऱ्हाइकाला शेजारी बसवायचं, काचा बंद करायच्या, पंखा चार नंबरवर ठेवायचा आणि अर्धा तास नुसतं बसायचं. गप्पा नाहीत, रेडिओ नाही. अर्ध्या तासाने ते डॅशबोर्डखाली हात घालून पंख्याच्या वायरीचा प्लग दोन बोटांत धरायचे, लेकराचं कपाळ बघावं तसं. "ताप न्हाय. जावा आता." मी त्या अर्ध्या तासात मनातल्या मनात आठवड्याची भाजी आणून मोकळी व्हायची.

तर तो मे महिना. माझी आई तेव्हा नातेपुत्याला एकटी राहायची. एकोणऐंशी वर्षांची, तोंडाने खणखणीत, पण दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. तांब्या चाचपडत शोधायची आणि मला चपलांच्या आवाजावरून ओळखायची. सोलापूरच्या डॉक्टरांनी बजावलं होतं, मोतीबिंदू पिकलाय, आणखी लांबवलं तर डोळ्यातला दाब वाढेल आणि मग ऑपरेशन करूनही उपयोग नाही. सोमवारची तारीख मिळाली. रविवारी मी तिला आणायला जायचं ठरलं. आणि शनिवारी दुपारी पंखा मधेच बंद पडायला लागला. कप्प्यावर थाप मारली की फिरायचा, पुन्हा थांबायचा.

नानांनी सगळं ऐकून घेतलं, स्क्रू-ड्रायव्हरच्या मुठीने मोटरीवर हलकेच ठोकलं, ती फिरली. "मोटरीतले कार्बन झिजलेत. आता मातुर बदलावी लागंल." नवी मोटर आली, बसली, पंखा जोरात सुरू झाला. नाना दार उघडून आत बसणार तेवढ्यात मी म्हटलं, "नाना, आज तो अर्धा तास नको. पहाटे आईला आणायला निघायचंय. घरी काही म्हणजे काही झालेलं नाही." त्यांनी माझ्याकडे पाहिलं, गाडीकडे पाहिलं. "आईला आणाय चाललाय व्हय? मग जावा. लेकीला आडवू नये." आणि दार लावून बाजूला झाले. आपण जिंकलो, याचा मला घरी पोचेपर्यंत आनंद होता.

पहाटे जाताना गारवा होता, पंखा एक नंबरवर पुरला. अकराच्या उन्हात आईला घेऊन निघाले तेव्हा चारवर टाकला. वेळापूर मागे पडलं आणि गाडीत प्लास्टिक जळल्याचा वास आला. पंखा बंद. काचा खाली केल्या तर तोंडावर भट्टीची झळ. "आई, बरं वाटतंय ना?" म्हणून वळून बघते तर तिची मान एका बाजूला पडलेली. रस्त्याकडेच्या एका हॉटेलातल्या लोकांनी तिला उचलून सावलीत ठेवलं, तोंडावर पाणी मारलं. पाचेक मिनिटांनी तिने डोळे उघडले आणि पहिलं वाक्य बोलली, "मला माघारी ने."

नेलं. ओला टॉवेल डोक्यावर ठेवून नेलं. घरात पाय ठेवल्यावर तिने निकाल दिला, "आता त्या डब्यात मी बसायची न्हाय. डोळं गेलं तर जाऊ देत." दुसरी चांगली गाडी भाड्याने आणते म्हटलं, तर "समद्या सारख्याच." एसटीची पायरी तिच्या गुडघ्यांना चढवत नव्हती. डॉक्टरांनी तारीख पुढच्या आठवड्यातल्या मंगळवारवर नेली आणि म्हणाले, त्यापुढे मी जबाबदार नाही.

सोमवारी सकाळी मी नानांकडे भांडायलाच गेले. त्यांनी हात मागे बांधले आणि म्हणाले, "पहिल्यापासून सांगा." सांगताना माझा आवाज चढला, मग फुटला. कप्पा काढून त्यांनी प्लग बाहेर ओढला. तो वितळून तपकिरी झाला होता, आतली एक पिन काळीठिक्कर.

"मोटर गेलती ते खरं हाय," ते प्लगकडे बघत म्हणाले. "पर ती एकटी गेली नव्हती. झिजल्याली मोटर जास्त वीज वढती. म्हयनाभर ह्यो प्लग शिजत हुता. अर्धा तास बसलो असतो तर बोटाला कळलं असतं."

"घाई मी केली, नाना."

"घाई तुमची, ताई. हात माजा हुता."

त्यांनी जळका प्लग कापला, जाड वायर आणि नवा प्लग जोडला. मग आम्ही काचा बंद करून अर्धा तास बसलो. तो संपल्यावर ते म्हणाले, आणखी अर्धा. त्या दिवशी मी भाजी आणली नाही, काहीच केलं नाही, नुसती बसले. उतरताना त्यांनी विचारलं, "मावशींना कुणी सांगितलं का, चूक कुणाची ते? त्यांना वाटत असंल गाडीच वंगाळ." मी म्हटलं, तिला सांगून काय होणार? "मी येतो रविवारी," नाना म्हणाले. "सांगाय पायजे."

रविवारी ते इस्त्रीचा शर्ट घालून, रुमालात कडक भाकरी आणि शेंगाचटणी बांधून हजर. नातेपुत्यापर्यंत पंखा चारवर. तीन ठिकाणी मला गाडी थांबवायला लावून त्यांनी प्लग चाचपला.

आई ओसरीवर बसली होती. नाना तिच्यासमोर खाली टेकले. "मावशी, मी सोलापूरचा मिस्त्री. त्या दिशी तुमाला भवळ आली ती माज्यामुळं. मी काम तपासलं न्हाय."

आईने आवाजाच्या दिशेने तोंड वळवलं. मला वाटलं, आता काढते ह्यांची खरडपट्टी. तिने विचारलं, "कुठला तू?"

"सांगोल्याचा."

"मेंढरं हुती का?"

"व्हय. दुष्काळात गेली."

"आमच्या दारावरनं जायाची सांगोल्याची मेंढरं," आई म्हणाली. "पाणी पाजलंय मी." मग पंधरा मिनिटं दोघं मेंढरांवर बोलत बसली आणि मी घड्याळाकडे बघत उभी. मधेच आई थांबली आणि मला म्हणाली, "चूक झाली म्हणाय येवढ्या लांब आलाय ह्यो. माजी पिशवी कुठं हाय?"

नानांनी तिला पुढे बसवलं. तिचं बोट पंख्याच्या बटणावर ठेवलं. "ह्ये तुमच्या हातात, मावशी. एक खट म्हंजी एक नंबर. चार खट. तुमी म्हणाल तसं, ताईंनी हात लावायचा न्हाय." आईने ते सगळं बोटाने मोजून घेतलं, पुढे एकदा आणि मागे एकदा. नाना मागच्या सीटवर बसले.

वेळापूर मागे पडलं. ते हॉटेल गेलं. मी नुसता पंख्याचा आवाज ऐकत होते. आणि एकाएकी तो कमी झाला. माझा पाय ब्रेककडे गेला. पण त्याबरोबर खट, खट असे दोन आवाज आले होते. आई पदर अंगाभोवती घेत म्हणाली, "गार वाजतंय गं." मी हसले की रडले, मला सांगता येणार नाही. आरशात बघितलं तर नाना खिडकीबाहेर तोंड करून बसले होते आणि चष्म्याखालून डोळे पुसत होते.

ऑपरेशन नीट झालं, पुढे दुसऱ्या डोळ्याचंही. आई माझ्याकडेच राहिली. नानांनी नंतर शेड बंद केली आणि भावाच्या डाळिंबाच्या बागेत सांगोल्याला गेले. जाण्याआधी घरी येऊन माझ्या गाडीचा पंखा एकदा तपासून गेले. तो अजून चालतो. सांगोल्याहून फोन येतो तेव्हा ते आईचीच चौकशी आधी करतात आणि मला त्याचं वाईट वाटत नाही. घाई माझी गेली असं मी म्हणणार नाही, पण काम झाल्यावर अर्धा तास बसायला मी शिकले. तेवढं शिकवायला त्यांना पुष्कळ सोसावं लागलं.

पण मला सांगायचं आहे ते त्या पहिल्या ऑपरेशननंतरचं. पट्टी निघून आठवडा झाला होता. काळा चष्मा लावलेली आई म्हणाली, "त्या मिस्त्रीचं तोंड बघायचं हाय मला." गेलो. नाना एका गाडीच्या डॅशबोर्डखाली आडवे होते, नुसते पाय बाहेर. हाक मारल्यावर घाईने उठले आणि डोकं आपटून घेतलं. आईने त्यांना खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. "आवाजावरनं मला वाटलं लई म्हातारा असशील," ती म्हणाली. "पोरगाच हाय की."

नाना बासष्ट वर्षांचे. पाया पडायला वाकले आणि आपले तेलाने काळेभोर हात बघून तसेच मधे अवघडले. आईने ते दोन्ही हात ओढून आपल्या हातांत घेतले आणि बराच वेळ सोडले नाहीत.

परतताना मी एकसारखी तिला बजावत होते, आई, डोळ्याला हात लावू नकोस, हात काळे झालेत, घरी गेल्यावर आधी साबणाने धू. ती ऐकतच नव्हती. तिने तळवे उन्हात धरले होते, एकदा जवळ, एकदा लांब. काळं तेल तळव्यावर बारीक पसरलं होतं.

"अगं," ती म्हणाली, "रेघा दिसत्यात मला."