पेटीत फिल्म नव्हती

भुताखेतांवर माझा काडीचा विश्वास नाही, हे आधीच सांगून टाकतो. अंधाऱ्या खोलीत लाल कंदिलाखाली फिल्म धुण्यात माझी निम्मी हयात गेली... तिथं मला कधी कुणी भेटलं नाही.

महाराज गादीवर होते तेव्हाची गोष्ट. पडद्यावर नाटकी कथा दाखवणारे दुसरे होते. मी खऱ्या माणसांची हलती चित्रं काढायचो. कुस्त्या, गुऱ्हाळं, शिरोळचा पूर — टिपायचं मीच, धुवायचं मीच, गावोगाव दाखवायचं मीच. कुणाचा नोकर नव्हतो, आणि माझ्यासारखा हात अख्ख्या कोल्हापुरात नव्हता. खोटं कशाला बोलू?

एक लबाडी मात्र करायचो. फिल्म यायची विलायतेहून, आणि जर्मनच्या लढाईमुळं ती मिळेना. गावात कॅमेऱ्याची पेटी मांडली की जो तो म्हणायचा, माझंबी काढा की! मग रिकाम्या पेटीचं हँडल फिरवायचं. माणूस खूश, फिल्म शिल्लक. नेसरीच्या धोंडिबा नावाच्या शेतकऱ्याचा तरणा मुलगा रामू, त्यालाही असंच गंडवलं. गडी फेटा सावरून, शड्डू ठोकून, हसत उभा राहिला. मी हँडल फिरवलं आणि पुढच्या गावाला गेलो.

त्याच साली मानमोडीच्या तापाची साथ आली, तीत रामू गेला. महिन्याभरानं धोंडिबा चालत कोल्हापुरात, माझ्या दारात. पोराचं चित्र एकदा दाखवा, म्हणाले. खरं सांगायला माझी जीभच रेटेना. भर दुपारी खिडक्यांना घोंगडी लावली आणि हाताला लागलं ते रीळ चढवलं. उचगावच्या बैलबाजाराचं होतं, रामूचं तोंड बघण्याच्या कितीतरी आधी काढलेलं. ते संपेपर्यंत धीर गोळा करायचा, मग सांगायचं, असं ठरवलं. यंत्र फिरवायला त्या दिवशी माझे दोस्त इमामभाई मिस्त्री होते.

बैल गेले, व्यापारी गेले... आणि पडद्यावर रामू आला. त्यानं फेटा सावरला, शड्डू ठोकला, हसला. मला वाटलं, माझंच डोकं फिरलं. पण मागून इमामभाईंनी अल्लाचं नाव घेतलं — म्हणजे त्यांनाही दिसत होतं.

ते रीळ आम्ही दोघांनी पुढं भिंगाखाली चौकट न् चौकट तपासलं. नुसते बैल. फिल्ममधलं मला कळत नाही असं काही नाही, हे आजही छातीठोक सांगतो... एवढं एक सोडून.

त्या दुपारी मात्र मला राहवलं नाही. धोंडिबांचे पाय धरले, पेटी रिकामी होती हे कबूल केलं. लाज वाटत होती, भीतीही.

डोळे पुसत ते म्हणाले, "ठावं हाय मला. पोरगंच त्या दिशी घरी येऊन म्हणालं हुतं, पेटी रिकामी खडखडतीया म्हणून. तरी आलो... दुसरीकडं कुठं जाऊन बघू त्याला?"