सात गोळ्यांनंतर सांगितलेला अर्थ

आमच्या घराण्याला पेनिसिलिन चालत नाही.

इतर घराण्यांत गोत्र आणि कुलदैवत ज्या गांभीर्याने सांगतात, त्याच गांभीर्याने आमच्याकडे हे वाक्य उच्चारले जाते. किंबहुना आम्ही तिन्ही एका दमात सांगतो. भोसल्यांच्या अमलात आमचे पूर्वज नागपूरहून रायपूरला आले, तिथल्या तात्यापारा मोहल्ल्यात स्थिरावले आणि त्यांना पेनिसिलिन चालत नव्हते. (त्या वेळी पेनिसिलिनचा शोध लागायचा होता. पण आमच्या घराण्याने जगाची वाट कधी पाहिलेली नाही.)

या परंपरेचे मूळ पुरुष म्हणजे आमचे नानाकाका, वडिलांचे धाकटे भाऊ. त्यांना तरुणपणी एका डॉक्टरने पेनिसिलिनची सुई दिली आणि त्यांचा चेहरा भोपळ्याएवढा सुजला, अशी मूळ कथा. माझ्या लहानपणी नुसता भोपळा होता. माझ्या मुंजीपर्यंत नानाकाकांची शुद्ध हरपली होती, थोरल्या भावाच्या लग्नापर्यंत नाडी थांबली होती, आणि पुढच्या पिढीच्या हाती ही कथा पडली तेव्हा त्यांना तिरडीवरून परत आणण्यात आले होते. स्वतः नानाकाका एक्क्याऐंशी वर्षे जगले आणि त्यांनी कुठलीच आवृत्ती नाकारली नाही.

माझे थोरले भाऊ, म्हणजे दादा, हे या वारशाचे सध्याचे रखवालदार. वय शहात्तर, महसूल खात्यातून निवृत्त. चष्म्याचा नंबर काढायला गेले तरी खुर्चीत बसायच्या आधी ते बजावतात, "पेनिसिलिन चालत नाही." मुलाच्या लग्नाची बोलणी सुरू होती तेव्हा मुलीकडच्यांना त्यांनी पत्रिकेबरोबर ही माहितीही दिली होती. ते लोक भारावून गेले. त्यांच्याकडे सांगण्यासारखा फक्त मधुमेह होता.

वहिनी वर्ध्याच्या, रेल्वेतल्या माणसाची मुलगी. त्यांचे म्हणणे एवढेच, "आमच्या माहेरी सगळंच चालते. म्हणून तर आमचं नाव नाही झालं."

मी या सगळ्याकडे तटस्थपणे पाहत आलो. कुठल्याही घराण्याने एखाद्या औषधाचा अभिमान बाळगावा हे मला हास्यास्पद वाटते. पेनिसिलिन मात्र मीही कधी घेतले नाही. तटस्थपणालाही मर्यादा असतात.

माझा दोष वेगळा आहे. मी तीस वर्षे एका बँकेच्या राजभाषा विभागात होतो. इंग्रजी तांत्रिक शब्दांना भारदस्त हिंदी प्रतिशब्द तयार करायचे, आणि ते कोणाला कळत नाहीत म्हणून पुढे कंसात इंग्रजी शब्द लिहायचा, हे आमचे काम. अशा नोकरीत माणसाला अर्थ सांगायची सवय लागते. कोणी विचारलेले नसताना सांगायची तर फारच. माझी बायको असते तेव्हा पहिल्या वाक्यालाच मला थांबवते. त्या आठवड्यात ती मुलीकडे पुण्याला गेली होती.

झाले असे की दादांची दाढ दुखायला लागली. त्यांची सून शिल्पा त्यांना ब्राह्मणपाऱ्यातल्या एका दातांच्या डॉक्टरकडे घेऊन गेली. शिल्पा इथलीच मराठी मुलगी. मराठी सगळे समजते, उत्तर हिंदीत देते. डॉक्टर घाईत होता. त्याने दादांचे तोंड उघडायला लावले, त्यात कापूस, नळी आणि आरसा अशी सगळी सामग्री भरली, आणि मग विचारले, "कोई एलर्जी है?"

आयुष्यात पहिल्यांदाच कोणीतरी दादांना हा प्रश्न आपण होऊन विचारला होता, आणि त्यांना उत्तर देता येत नव्हते. त्यांनी जोरजोरात हात हलवला. डॉक्टरला वाटले, दुखते आहे. त्याने दाढ बधिर करायची आणखी एक सुई दिली. त्यानंतर संध्याकाळपर्यंत दादांच्या ओठांनी कुठलेच व्यंजन नीट उच्चारले नाही.

सकाळी घरी परतल्याबरोबर त्यांनी चष्मा लावून गोळ्यांचे पाकीट तपासले, नाही असे नाही. पाकिटावर मोठ्या अक्षरांत कंपनीने ठेवलेले नाव होते, एखाद्या नव्या मोटारीला शोभेल असे. त्यात पेनिसिलिन कुठे नव्हते. दादांनी समाधानाने पहिली गोळी घेतली. सकाळी एक, संध्याकाळी एक, जेवणानंतर.

चौथ्या दिवशी सकाळी मी पेपर वाचायला वरच्या मजल्यावरून खाली आलो. दादांची सूज उतरली होती. सातवी गोळी नुकतीच पोटात गेली होती आणि ते मजेत मऊ भाताचा शेवटचा घास घोळवत होते. पाकीट टेबलावर पडले होते. मी ते उचलले.

"दादा, काय घेताय ठाऊक आहे का?"

"दाढीची गोळी."

दाढेला दाढी म्हणू नये, हे मी प्रथम सांगितले. मग म्हणालो की पाकिटावरचे मोठे नाव हे औषधाचे लाडाचे नाव. दर कंपनीचे वेगळे असते. खरे नाव खाली बारीक अक्षरांत छापलेले असते, आणि ते जगभर एकच. मी भिंग मागवले. शिल्पाने मोबाईलचा उजेड धरला. मी वाचले, अमॉक्सिसिलिन आणि पोटॅशियम क्लॅव्हुलॅनेट.

इथे थांबायला हरकत नव्हती. पण तीन माणसे माझ्याकडे पाहत होती, आणि राजभाषा विभागात इतकी माणसे एका वेळी कधी आली नव्हती.

मी शेवटाकडून सुरुवात केली. क्लॅव्हुलॅनेट स्वतः जंतूंना फारसे काही करत नाही. काही जंतूंकडे औषधाचे तुकडे करणारा एक पदार्थ असतो, कात्रीसारखा. क्लॅव्हुलॅनेट ती कात्री निकामी करते आणि मुख्य औषधाला आपले काम करू देते.

"मतलब बॉडीगार्ड," शिल्पा म्हणाली.

मला भरून आले. मी पुढच्या भागाकडे वळलो. अमॉक्सि हे रेणूला जोडलेल्या दोन रासायनिक अलंकारांचे संक्षिप्त रूप, तिकडे लक्ष दिले नाही तरी चालेल. महत्त्वाचा असतो तो नावाचा शेवट. ते आडनाव. अशा औषधाच्या नावाच्या शेवटी सिलिन आले की समजायचे, एकाच कुळातले. या कुळाचा मूळ पुरुष म्हणजे एक बुरशी. सूक्ष्मदर्शकाखाली ती कुंचल्यासारखी दिसते. कुंचल्याला लॅटिनमध्ये पेनिसिलस म्हणतात, म्हणून त्या कुळाला...

तीस वर्षांत मी एकही वाक्य अर्धवट सोडले नव्हते. हे सोडले.

"म्हणून काय?" वहिनींनी विचारले.

"काही नाही. पुढचं तितकं महत्त्वाचं नाही."

दादांनी चमचा खाली ठेवला. "बंडू, कोणतं कूळ म्हणालास?"

खोटे बोलता आले असते. पण तांत्रिक नावाच्या बाबतीत मी खोटे बोलू शकत नाही. "पेनिसिलिनचं," मी म्हणालो. "पण लांबचं असेल."

मग दादांनी मान खाजवली. मान झाल्यावर पाठ, पाठीनंतर पोटऱ्या. वहिनींनी सदरा वर करून पाहिले, तर पाठीवर लाल रेघा उठल्या होत्या. त्या दादांच्याच नखांच्या आहेत, हे लक्षात येण्याइतका वेळ कोणालाही नव्हता.

"चार दिवसांपासून विष देऊन राहिले मले," दादा म्हणाले.

"मी देऊन राहिली होती," वहिनी म्हणाल्या. त्यांचा चेहरा पांढरा पडला होता. "मी मोजून दिल्या. एकही नाही चुकवली."

हे त्या ज्या आवाजात म्हणाल्या तो मला आजही विनोदी करून सांगता येत नाही. पंचेचाळीस वर्षे त्या माणसाच्या पेनिसिलिनवर त्या हसत आल्या होत्या. आता दादांचा हात धरून बसल्या आणि सोडायला तयार होईनात.

शिल्पाने गाडी काढली. दादा पुढे, मी आणि वहिनी मागे. दवाखाना गाडीने दहा मिनिटांवर. पण सकाळची वेळ, वाटेत ई-रिक्षा अशा उभ्या होत्या की जणू त्यांनी तिथे घरे बांधली आहेत. दादांनी त्या वेळात निरवानिरव केली. मंडळाच्या गणपतीचे अध्यक्षपद सदाशिव पारेवाल्याकडे जाऊ देऊ नका. देवघरातली शाळुंका पश्चिमेकडे सरकली आहे, ती सरळ करा. मग ते वळून मला म्हणाले, "तू दोन दिवस आधी खाली आला असता तर?"

"दोन दिवस आधी आले असते तर दोन दिवस आधी खाजवलं असतं," वहिनी म्हणाल्या. हात अजून धरलेलाच होता. मी त्या वाक्याचा अर्थ लावायला हवा होता. पण अर्थ लावण्यातली माझी उमेद त्या दिवसापुरती संपली होती.

दवाखान्यात तातडीच्या खोलीत एकच पलंग रिकामा होता. दादांना त्यावर निजवले. पेनिसिलिन हा शब्द ऐकताच तिथली माणसे भराभर हालली, हे मी त्यांच्या बाजूने नमूद करतो. एकीने रक्तदाब पाहिला, एकाने बोटाला चिमटा लावला, आणि एक नर्स दादांच्या हातात सुई लावून ठेवायला आली. मी दादांना धीर द्यायला त्यांचा दुसरा हात धरला. सुई आत गेली. नळीत थोडे लाल दिसले.

पुढचे मला शिल्पाने नंतर सांगितले. दादा पलंगावरून उठले, कारण पलंग एकच होता.

मी डोळे उघडले तेव्हा पाय उशीवर होते आणि दादा माझ्या उशाशी स्टुलावर बसून, हातात सुई तशीच ठेवून, मला वारा घालत होते. त्यांचे खाजवणे थांबले होते. समोर एक तरुण डॉक्टरीणबाई उभ्या होत्या. त्यांनी दादांची जीभ, घसा, पाठ, छाती सगळे नीट तपासले होते. आता त्या शिल्पाला विचारत होत्या.

"कितनी गोली खा चुके हैं?"

"सात."

"और खुजली कब से है?"

शिल्पाने माझ्याकडे पाहिले. "जब से काकाजी ने मतलब बताया."

डॉक्टरीणबाई शांतपणे म्हणाल्या की चार दिवस सात गोळ्या घेऊन ज्याला काही झाले नाही, त्याची याहून मोठी परीक्षा मी काय घेऊ? पुढच्या दिवसांत अंगावर काही उठले, तोंड सुजले किंवा धाप लागली तर लगेच या. तोवर गोळ्या पूर्ण करा, मध्येच सोडू नका.

दादांना हे मान्य नव्हते. जीव वाचल्याचा आनंद त्यांनी चटकन बाजूला सारला. "मॅडम, खानदान में है," ते म्हणाले.

"किसको हुआ था? किसने देखा?"

नानाकाकांची सूज प्रत्यक्ष पाहिलेले एकच माणूस जिवंत होते. आमची आत्या, बिलासपूरला, अठ्ठ्याऐंशी वर्षांची, स्मरणशक्ती कोर्टात चालेल अशी. शिल्पाने फोन लावून स्पीकरवर ठेवला. दादांनी विचारले, नानाकाकांना पेनिसिलिनने सूज आली ते तुला आठवते ना?

"आठवते न," आत्या म्हणाली. "पण सूज पेनिसिलिननं कशी येईन? त्याले गांधीलमाशी चावली होती. तोंड सुजलं म्हणून तर डॉक्टरले बोलावलं. सुई त्याच्यानंतर दिली."

दादांनी फोन स्वतःच्या हातात घेतला.

"मग आजपर्यंत सांगितलं काहून नाही?" दादांचा आवाज चिरका झाला होता.

"मले विचारलं कोणी?" आत्या म्हणाली, आणि दूधवाला आला म्हणून तिने फोन ठेवला.

दादा शाबूत होते, दाढही दुखत नव्हती, पण पाऊण शतकाची मिळकत एका गांधीलमाशीने नेली होती. वहिनींना हसू येत होते आणि डोळेही पुसायचे होते. त्यांनी पदराने दोन्ही एकदम उरकले. "बरं झालं," त्या म्हणाल्या, "आता तुम्ही आमच्यासारखे झाले."

मी उठून बसलो. काउंटरवर एक मुलगा माझे कागद भरत होता. दादांना कसली नोंद लागणार नव्हती, त्यांना काही झालेच नव्हते; दाखल झालो होतो तो मी. पेशंटसोबत कोण, असे त्याने विचारले. "मैं, बड़ा भाई," दादा म्हणाले. त्याने नाव, वय विचारले, दादांनी सांगितले. मग तो पुढच्या रकान्याकडे वळला.

"कोई एलर्जी?"

मी तोंड उघडले. दादा माझ्या आधी बोलले.

ते कार्ड माझ्या फायलीत आहे. निदान, घाबरल्यामुळे चक्कर. अ‍ॅलर्जी, पेनिसिलिन.