गहाण भिंत

पंगत बसली होती. वरण-बट्टी आणि वांग्याची भाजी. नव्या घराच्या ओट्यावर माझ्या नवऱ्याचे ऑटो स्टँडवरचे सोबती जेवत होते आणि मी तुपाचं भांडं घेऊन वाढत फिरत होते. तेवढ्यात मोटारसायकलवर दोन माणसं आली. एकाच्या हातात काळ्या रंगाचा डबा, दुसऱ्याच्या हातात अक्षरं कापलेला पत्रा. मला वाटलं, रंगाचं काही काम राहून गेलं असेल. त्यांनी दाराशेजारच्या भिंतीवर पत्रा टेकवला आणि ब्रश फिरवला.

'हे घर कंपनीकडे गहाण आहे.' खाली कर्जाचा नंबर. वीतभर उंचीची अक्षरं. पिस्ता रंग मी स्वतः निवडला होता, त्यावर काळा ओघळ खाली आला.

नवरा खरकट्या हातानं धावला. म्हणाला, "आज नका ना भाऊ. पाव्हणे जेवून राह्यले."

"आमाले फोटो काढून पाठवा लागते दादा. तुमी दोघं इथं बाजूले उभे राहा."

आम्ही उभे राहिलो. मी नवं लुगडं नेसलेली, हातात तुपाचं भांडं. त्याच्या बोटांना वरण. मध्ये ती अक्षरं. फोटो निघाला. पंगतीतल्या लोकांनी माना खाली घालून जेवण उरकलं.

आमच्या जुन्या घरमालकीणबाई तेव्हा तिथंच होत्या. शाळेतल्या सरांची बायको. त्या जेवायला बसल्या नव्हत्या, नुसतं घर बघायला आल्या होत्या. त्यांच्या मागच्या खोलीत आम्ही अकरा वर्षं काढली. आमची जात त्यांना भाडं घेताना चालायची, पाण्याच्या माठाजवळ चालत नव्हती. त्यांचं भरून झालं की मग आमच्यासाठी नळ. त्यांनी चष्मा सावरून भिंत वाचली, मोठ्यानं वाचली, आणि म्हणाल्या, "म्हणजे अजून भाड्याचंच आहे म्हणा की."

त्या हसल्याही नाहीत. अगदी साधेपणानं बोलल्या. मी आत जाऊन स्वयंपाकाच्या ओट्याला टेकून रडले. स्वतःच्या घरातला पहिला दिवस.

दुसऱ्या दिवशी मी छज्ज्याखाली दोरी बांधली आणि त्या अक्षरांवर गोधडी टाकली. ती नऊ वर्षं तिथंच राहिली. भर पावसाळ्यात बाहेर गोधडी वाळत घालणारी मोताळ्यातली मी एकटीच बाई असेन. वर्षातून एकदा कंपनीची माणसं यायची, गोधडी बाजूला करायची, फिकट झालेली अक्षरं पुन्हा काळी करायची, फोटो काढायची आणि जायची. मी पुन्हा गोधडी टाकायची. पहिल्याच वेळी त्यांना विचारलं होतं, हे कधी पुसायचं? ते म्हणाले, कर्ज फिटलं की. तेवढं एकच मी डोक्यात धरलं. मला बंगला नको होता, गच्ची नको होती. मला ती भिंत कोरी पाहिजे होती.

बँकांनी आम्हाला दारातूनच परत पाठवलं होतं. नवरा ऑटो चालवतो, मी ब्लाउज शिवते, पिको-फॉल करते. पगाराची पावती कुठून आणणार? मग ही घरासाठी कर्ज देणारी कंपनी स्वतःहून घरी आली. त्यांच्या माणसानं खोलीत येऊन पिठाचा डबा उघडून पाहिला. खिळ्याला टांगलेले ब्लाउज मोजले. शेजारी विचारून आला की हे नवरा-बायको भांडतात का. अपमानच होता तो. पण मला तेव्हा आनंद झाला होता, खोटं कशाला बोलू? आपल्यावर कोणीतरी विश्वास ठेवतंय असं वाटलं. आठ लाख मिळाले. पंधरा वर्षं, महिन्याला दहा हजार चारशे. कागदांचा गठ्ठा इंग्रजीत. "इथं करा. इथं. आता इथं." सह्या करून मनगट दुखलं. कशावर सही करतोय ते ना त्यांनी सांगितलं, ना आम्ही विचारलं. विचारलं तर देणार नाहीत ही भीती.

आणि मला हिशोब येतो असं मला वाटत होतं. आमच्या गल्लीतला बचत गट मीच चालवते. गटात एखादीनं दहा महिन्यांसाठी पैसे उचलले, तर दर महिन्याला मुद्दलाचा दहावा भाग परत येतो. उरलेल्यावर व्याज. महिन्या-महिन्याला व्याज कमी होत जातं, मुद्दल सारखं कापलं जातं. अंगठा उठवणाऱ्या बाईलाही हे कळतं. तीच रीत मी कंपनीला लावली. पंधरा वर्षांतली नऊ गेली, म्हणजे पंधरातले नऊ वाटे फिटले. राहिले सहा. तीन लाख वीस हजार.

हा आकडा मी चार वर्षं उराशी धरून होते. भिशीचा नंबर लवकर घेतला. आईची पोत मोडली, ती तिनं मरताना माझ्या हातात ठेवली होती. लग्नसराईत रात्रंदिवस मशीन चालवली. नवऱ्यानं रविवारची सुट्टी बंद केली. हप्ता एकही चुकवला नाही. आजारपण चुकवलं, माहेर चुकवलं, हप्ता नाही. पैसे जमले त्या दिवशी त्यानं ऑटो धुतला आणि आम्ही राजूर घाट चढून बुलढाण्याला कंपनीच्या ऑफिसात गेलो. माझ्या मांडीवर पैशाची पिशवी. तिच्यावर अर्धा किलो पेढे.

पेढे! आजही तो खोका आठवला की तोंड कडू होतं.

नवऱ्यानं चपला बाहेर काढल्या. आतले सगळे बुटात होते. मोठ्या साहेबांच्या टेबलावर मी खोका उघडून ठेवला.

"कशाचे हो बाई?"

"साहेब, खातं बंद कराचं हाय आज. भिंतीवरचं पुसाची परवानगी द्या."

साहेबांनी एक पेढा तोंडात टाकला. कॉम्प्युटरवर नंबर टाकला. चघळता चघळता थांबले, पिशवीकडे पाहिलं. "किती आणलेत?" मी सांगितलं. मग ते हसले. शेजारच्या टेबलाकडे वळून म्हणाले, "अरे ऐका, या तीन लाख वीस हजारात खातं बंद करायला आल्यात. पेढे घेऊन!" सगळे हसले. एक मुलगी हसली नाही, तिनं खाली पाहिलं.

"सहा लाख सहा हजार आहेत अजून," साहेब म्हणाले.

मला वाटलं नंबर चुकला. मी पुन्हा सांगितला. तोच होता.

"मंग अजून किती वर्षं?" नवऱ्यानं दारातूनच विचारलं.

"असाच हप्ता राहिला तर... धरा नऊ वर्षं."

"नऊ तर झाले साहेब. पंधराचं होतं."

तेव्हा त्यांनी सांगितलं. मधे व्याजदर वाढला. कंपनीनं आमचा हप्ता वाढवला नाही, आमच्यावर भार नको म्हणून. मुदत वाढवली. मेसेज पाठवला होता. आला होता खरंच, नवऱ्याच्या फोनवर, इंग्रजीत. कंपनीचा काहीतरी मेसेज म्हणून त्यानं पुसला. उलट दोन-तीनदा मला म्हणाला होता, बाकीच्यांचे हप्ते वाढले, आपला नाही वाढला, कंपनी चांगली आहे.

 गटात विचारते तसं मी विचारलं, "साहेब, पयल्या महिन्याच्या हप्त्यातलं मुद्दल किती कापलं?"

"तेराशे-चौदाशे."

"अन् बाकीचे नऊ हजार?"

"व्याज."

"अन् आता, या महिन्यात?"

"अठ्ठावीसशे. वाढलं की नाही?"

दहा हजार चारशेतले अठ्ठावीसशे. नऊ वर्षांनंतर. मी बोटांवर मोजायचं थांबवलं. ते बघून साहेब खुर्चीत मागे टेकले आणि अगदी समजावणीच्या आवाजात बोलले. ते वाक्य मला शब्दन् शब्द पाठ आहे.

"हे बघा बाई, तुमच्यासारख्यांना हप्ता समजतो, व्याज समजत नाही. आणि ते बरंच आहे. समजलं असतं तर तुम्ही घर घेतलंच नसतं."

आणि दुसरा पेढा उचलला.

मला किंचाळावंसं वाटलं.  सरांची बायको डोळ्यासमोर आली. तिनं पहिल्याच दिवशी जे वाचलं, ते मला नऊ वर्षांनी वाचता आलं. साहेब पुढे म्हणाले, पैसे आणलेच आहेत तर ठेवून जा, पुढचे हप्ते त्यातून वळते करू, महिन्याची कटकट नाही. म्हणजे मुद्दलाला धक्का नाही. माझ्या आईची पोत पुन्हा व्याजातच जाणार. एवढं मात्र मला कळलं. मी पिशवीचं तोंड बांधलं.

"नाई. मुद्दलातून कापा. अन् तसं लिहून द्या."

"तसं लगेच नाही होत. अर्ज द्या. वरून मंजुरी यावी लागते."

त्या न हसलेल्या मुलीनं अर्ज लिहून दिला. तिनंच हळू आवाजात सांगितलं, मुद्दलातून कापले तर तीन वर्षांच्या आत सुटाल काकू, मागे लागा. मी सही केली. निघताना पेढ्यांचा खोका उचलला आणि घेऊन आले. मोठा पराक्रम केल्यासारखं वाटलं तेव्हा. जिना उतरेपर्यंत ते वाटणंही संपलं.

घाटात त्यानं ऑटो बाजूला लावला. हँडल धरून बसून राहिला. म्हणाला, "आपण येवढे भरले, ते गेले कुठं व?"

मी काय सांगणार होते? सव्वाअकरा लाख भरले होते. त्यातले दोन लाखसुद्धा मुद्दलात गेले नव्हते. आणखी नऊ वर्षं भरले तर सगळे मिळून बावीस लाख. पावणेतीन घरांचे पैसे देऊन दोन खोल्या, एक मोरी. तो तेव्हा साठी ओलांडलेला असेल. घाटातून तो ऑटो चढवेल का, माझे डोळे सुईत दोरा ओवतील का, हे कोणत्या कॉम्प्युटरवर दिसतं? आम्ही तिथं बसून दोघांनी पेढे खाल्ले, कारण घरी नेले असते तर गल्लीनं विचारलं असतं कशाचे म्हणून.

अर्ज अजून वरच आहे. मी दर आठवड्याला जाते. कधी साहेब मीटिंगमध्ये, कधी मशीन बंद, कधी पुढच्या सोमवारी या. पैसे बँकेत पडून आहेत आणि दर महिन्याला पूर्ण हप्ता कापला जातो. तलाठी ऑफिसातही एवढी उभी राहिले नाही कधी. रात्री झोप लागत नाही. नवरा बोलत नाही फारसा. आमच्या हातात काहीही नाही, हे मी रोज सकाळी उठल्याबरोबर अनुभवते.

मग एका रविवारी कंपनीसाठी नव्या कर्जाच्या फायली गोळा करणारा माणूस माझ्या दारात आला. सोबत गटातल्या तीन बाया. पुढे सुमन वहिनी, चार-पाच वर्षांपासून चार घरं सोडून भाड्यानं राहते, भाजीचं दुकान लावते. तिलाही घर बांधायचं होतं. दुसऱ्या दिवशी तिच्या सह्या होत्या.

"सांगा ना ताई यांना," तो म्हणाला. "नऊ वर्षांत एक हप्ता चुकला नाही तुमचा. आमच्या ऑफिसात तुमचं नाव घेतात. बघा वहिनी, असं स्वतःचं घर होते."

सुमन माझ्या भिंतीकडे पाहत होती. पिस्ता रंग, तुळस, वाळत घातलेली गोधडी. तिच्या डोळ्यांत मी नऊ वर्षांपूर्वीची मला पाहिली. माझ्या अब्रूची गोधडी कंपनीच्या कामी येत होती. माझं डोकं फिरलं. मी दोरी ओढली, गोधडी खाली पडली.

 मग सुमन अक्षर अक्षर लावून वाचू लागली. "गहाण... आहे." माझ्याकडे वळली. "वहिनी, तुमचं घर गहाण हाय? येवढे वर्षं कधी बोलल्या नाई आमाले?"

"लाज वाटे मले."

"ताई, हे काय करून राह्यल्या तुमी?" तो माणूस म्हणाला.

"खरं सांगून राह्यली. तुमीच म्हटलं ना, सांगा."

मी त्या तिघींना ओट्यावर बसवलं आणि गटात सांगते तसं सांगितलं. हप्ता किती, त्यात मुद्दल किती. दर वाढला की मुदत कशी वाढते. सुमनला म्हटलं, घर घ्यायचं तर घे, मी नको म्हणत नाही, भाड्याच्या खोलीत काय असतं ते मला माहीत आहे. पण आधी विचार की सगळे मिळून किती द्यायचे. मराठीत विचार. सांगत नसेल तर सही करू नको. तो माणूस फोन लावत निघून गेला.

संध्याकाळी मी काळ्या ऑइलपेंटचा छोटा डबा आणला. पत्रा नव्हता, हातानंच लिहिलं, त्यांच्या अक्षरांच्या खाली. 'घेतले आठ लाख. भरले सव्वाअकरा लाख. राहिले सहा लाख.' अक्षरं वाकडी आली. नवरा दारात उभा राहून पाहत होता. मग आत गेला आणि मला दिसावं म्हणून बाहेरचा दिवा लावला.

चार दिवसांनी साहेबांचा फोन आला. कंपनीची बदनामी होते, खालचं पुसून टाका, नाहीतर नोटीस येईल.

म्हटलं, "आधी वरचं पुसा साहेब. मंग खालचं पुसते."

नोटीस येईलही. अर्ज नामंजूरही होईल. त्यांच्याकडे वकील आहेत, माझ्याकडे शिलाई मशीन आहे. हे सगळं मला कळतं, आता व्याजही कळतं. पण ती गोधडी मी धुऊन, घडी करून पेटीत ठेवली आहे. ती भिंतीवर पुन्हा जाणार नाही. हप्ता भरला की दर महिन्याला मी ब्रश घेणार आणि खालचे आकडे बदलणार. या गल्लीत ज्या बाईला सही करायची असेल, तिनं आधी माझी भिंत वाचावी. वाचता येत नसेल तर मी वाचून दाखवीन. मोठ्यानं, रस्त्यावर ऐकू जाईल असं.