काय कापायचंय?

धारवाल्या बाईचा एकच नियम होता. सुरी हातात घेतली की आधी विचारायचं, "काय कापायचंय?" भाजीला एक धार, मांसाला दुसरी, चामड्याला तिसरी. यात ती कुणाच्या बापाचं ऐकत नसे.

तिच्या आजीला म्हणे लग्नासाठी भरदिवसा उचलून नेलं होतं. आईला तिच्या बापानं, दिला शब्द म्हणून, देऊन टाकलं. धारवालीची पाळी येईपर्यंत सुधारणा झाली होती, म्हणजे मुलाला विचारलं, "पसंत आहे ना?" तिला कोण विचारतंय! त्या पसंत करणाऱ्यानं पहिल्याच वर्षी तिचे दोन दात पाडले, आणि मरेपर्यंत त्याचा हात काही थांबला नाही. एकुलती एक लेक मात्र मोबाइलवर मुलं बघायची. बोलायची, भेटायची, नाही पटलं तर सरळ "नाही" म्हणायची. आईला धडकी भरायची, आणि खरं सांगायचं तर हेवाही वाटायचा.

त्या दुपारी एक तरणा गडी दुकानात आला. हातात लांब सुरी, डोळे लालभडक.

"काय कापायचंय?"

"मांस."

"कसलं?"

तो हसला. "तीन महिने फिरवलं मला, मावशी. आता नाही म्हणते! तिचा चेहरा असा करतो, की पुन्हा कुणी बघणार नाही." आणि फुशारकीनं त्यानं मोबाइलमधला फोटो पुढे धरला.

फोटोत तिचीच लेक होती. पूर्वी सोयरीक जुळवणाऱ्याला मुलीआधी तिची आई माहीत असायची. या शहाण्याला तीन महिन्यांत आई कोण तेही ठाऊक नव्हतं. आणि लेक पडद्यामागच्या खोलीत जेवत बसली होती.

धारवालीनं सुरी घेतली आणि धारेचं चाक सुरू केलं. "मूठ हलतेय. जरा धर इकडून," ती म्हणाली.

चाक गरगरत होतं. त्यानं हात पुढे केला तसं तिनं मनगट पकडलं आणि सगळं अंग टाकून त्याची बोटं फिरत्या दगडावर दाबली. कातडं सोललं, रक्त तिच्या कपाळावर उडालं, तो गुरासारखा ओरडला. सुरी खाली पडली. दुसऱ्या हातानं त्यानं ठोसे घातले, तिचा ओठ फाटला. मार खायची तिला सवय होती. तिनं मनगट सोडलं नाही.

शेजारचे दुकानदार धावले, त्यांनी त्याला जमिनीवर दाबून धरलं. लेक पडद्याशी पांढरीफटक उभी होती.

"कोण आहेस तू, भवाने?" तो विव्हळला.

ती रक्त थुंकली. "तुझी सासू झाले असते, मेल्या. आमच्या घरात नाही म्हणणारी ही पहिलीच आहे. लाव तिला हात, लाव!"