उजेडाकडे तोंड करून

सुखदेवभाऊ भाजीची गाडी नेहमी उन्हात लावायचे. अकोल्याच्या बाजारात बाकीचे भाजीवाले कडुलिंबाच्या सावलीसाठी हमरीतुमरीवर यायचे, आणि हे मात्र भाजीवर ओलं पोतं टाकून स्वतः सूर्याकडे तोंड करून उभे. अकोल्याचं ऊन म्हणजे काही थट्टा नव्हे. कुणी हसलं की म्हणायचे, "मेथीले सावली पायजे, मानसाले उजीड." ही सवय त्यांना मी लावली होती. त्यांच्यावर अन्यायही मीच केला, पण ते पुढे सांगतो.

तेव्हा मी लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करत असे. आपल्या वऱ्हाडी बोलीत पिक्चर काढायचं खूळ आम्हा चार मित्रांच्या डोक्यात शिरलं. आमच्या भागात तेव्हा असलं काही कुणी करत नव्हतं. कॅमेरा माझा, लग्नांचाच, आणि कॅसेटी चार. बार्शीटाकळीजवळच्या एका शेतात शूटिंग होतं आणि बापाचं काम करणारा नट ऐन वेळी आलाच नाही. जेवणासाठी वांगी घेऊन आलेल्या सुखदेवभाऊंना मी उभं केलं. रुसून बांधावर बसलेल्या पोराला बाप न्यायला येतो, एवढंच काम. मी म्हटलं, "भाऊ, उजेड तोंडावर घ्या."

त्यांनी घेतला. पोराच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "चाल ना बापू, घरी चाल." लिहिलेलं वाक्य बरंच लांब होतं, ते एवढंच बोलले. कॅमेऱ्यामागे माझे डोळे भरून आले. पुढे मी पुष्कळ नट पाहिले, तसा चेहरा पुन्हा दिसला नाही.

मग आमचा हिरो नोकरी लागून पुण्याला गेला आणि पिक्चर अर्धाच राहिला. कॅसेटी माझ्या कपाटात पडून होत्या. ऐन लग्नसराईत एकदा अख्ख्या बाजारात कोरी कॅसेट मिळेना, आणि तिकडे नवरदेव घोड्यावर बसलेला. मी कपाटातली एक कॅसेट काढली आणि तिच्यावर लग्न घेतलं. वऱ्हाड कुठलं, तेही विचारलं नाही. त्या हंगामात चारही कॅसेटी तशाच गेल्या. अर्धवट पिक्चर कोण पाहणार, अशी मी मनाची समजूत घातली. तेव्हा जिवाला काही लागलं नाही, हे लिहिताना आज लाज वाटते.

सुखदेवभाऊ मात्र दर भेटीत विचारायचे, "भाऊ, आपला पिच्चर कदी दाखोता?"

"मिक्सिंग चालू आहे," मी म्हणायचो.

"होऊ द्या निवांत. घाई नाई."

कॅसेटी गेल्या, सीडी आल्या आणि गेल्या, ज्याच्या त्याच्या हाती मोबाइल आले, तरी माझं मिक्सिंग चालूच. भाव करून एखादी बाई पुढे निघाली की ते मागून हाक मारायचे, "चाल ना बापू, घरी चाल," आणि ती हसत परत यायची. ते ऐकलं की मला तिथं उभं राहवत नसे. शेवटी मी बाजाराची ती बाजूच सोडली.

गेल्या वर्षी ते गेले. मी बार्शीटाकळीला त्यांच्या घरी बसायला गेलो. भिंतीवर आधार कार्डावरचा फोटो मोठा करून लावला होता. डोळे अर्धे मिटलेले, तोंडावर सगळी सावली. त्याखाली त्यांच्या पत्नी गिरजाकाकू बसल्या होत्या. मला राहवलं नाही. म्हटलं, "काकू, तो पिक्चर आता नाही. मीच पुसला."

"मालूम हाये ना भाऊ," काकू शांतपणे म्हणाल्या. "त्यायले बी मालूम होतं."

"ते कसं?" मी विचारलं.

"आमच्या शेजाऱ्याच्या पोराचं लगन अकोल्यात झालं, त्याची क्यासेट तुमीच देल्ली होती. सारी गल्ली पाहून राह्यली होती. लगन सरलं, अन् मांगून हे दिसले. इतकुसेच. पोराच्या खांद्यावर हात ठेवला, अन् क्यासेट सरली. तवाच समजलं त्यायले."

"ती कॅसेट आहे का कुणाकडे?"

"कायची राह्यते? बुरशी लागली, फेकून देल्ली शेजाऱ्यायनं."

"मग भाऊ मला दर वेळी विचारायचे कशाला?"

काकूंनी पदरानं तोंड पुसलं. "मी बी म्हनो, मालूम हाये तं कावून विचारता? तं म्हनत, एक डाव तरी खरं सांगतीन ते. मंग मी म्हनीन, जाऊ द्या भाऊ, पिच्चरच तं होता."

म्हणजे हे वाक्य ते इतकी वर्षं तोंडपाठ करून, उजेडाकडे तोंड करून, गाडीपाशी उभे होते. दोनच वाक्यांचे नट होते सुखदेवभाऊ. एक मी पुसलं, आणि दुसरं त्यांना बोलूच दिलं नाही.