वादीच्या जागी

वडील मंगळवारी सकाळी गेले. त्याच आठवड्यात कोर्टात त्यांची तारीख होती.

दावा शेताच्या वाटेचा होता. चुलत काकांनी बांधावर तार ओढली आणि आमची उसाची गाडी जाणं बंद झालं. वडील वादी, काका प्रतिवादी. तरी तारखेला दोघं एकाच मोटारसायकलवरून कराडला जात. आई डबाही दोघांचा द्यायची. "तारीख त्यांचीबी हाय की," म्हणायची.

वडिलांमागे दाव्याचं काय होणार, असं भावानं वकिलांना विचारलं. ते म्हणाले, "वादी गेला म्हणून दावा जात नाही. पण मुदतीत वारस लावा, नाहीतर तो आपोआप संपेल." भाऊ फौजेत, रजा थोडी. अर्जावर आईची सही घेऊन, स्वतःची करून तो परत गेला. मी शहरात, विश्रामबागेत राहते, कॉलेजात शिकवते. पुढच्या तारखेला आईला घेऊन गेले, तेव्हा तो अर्ज वाचला. माझं नाव नव्हतं. यात भावाचा कावा नव्हता. आमच्याकडं बहिणी हक्कसोड करून देतात, म्हणून त्याला ते सुचलंच नसेल. मला जमीन नको होती, वाटही नको होती. पण वडिलांच्या माणसांत मी लिहिलेली असावी, असं फार वाटलं. आई शेजारीच होती. मी अर्ज घडी करून ठेवला.

न्यायाधीश बाईंनी समोरच्या बाजूला विचारलं, "वारसांबद्दल काही म्हणणं?" काकांचे वकील "नाही" म्हणणार, तोच काका उठले.

"मॅडम, एक ऱ्हायलं. त्याला लेक हाय. ही काय, हितंच बसलीया."

वकिलांनी त्यांची बाही ओढली. बाईंनी विचारलं, "ही हरकत आहे की माहिती?"

"दोन्ही धरा."

मागच्या बाकावर कुणीतरी हसलं. बाईंनी अर्ज दुरुस्त करायला सांगितला. आमच्या वकिलांनी तिथंच माझं नाव घातलं, मी सही केली.

बाहेर आल्यावर आई काकांना म्हणाली, "आवं, तुमच्याच इरोधात एक मानूस वाढवलंत की."

"व्हय, वकील लय तापलाय माज्यावर." मग माझ्याकडं वळून म्हणाले, "तुजा बा गाडीवर मागं बसून तुजंच सांगायचा. लेक अशी वाचती, लेक तशी शिकवती. कराड येस्तवर माजं कान किटायचं. आन त्याच्या कागदावर तूच न्हाईस?"

मी म्हटलं, "काका, मग तार काढा की."

"ती न्हाई काढायची," काका म्हणाले. "ती दाव्याची गोष्ट हाय."

दावा अजून चालू आहे. वाट बंद आहे. वादीच्या जागी आईचं, भावाचं आणि माझं नाव आहे.